आठवी मात्रा

१

नाचणाऱ्या मुलींकडे पाठ करून बसायचे, हा आजींचा वीस वर्षांचा नेम होता. त्यात अनादर नव्हता; जागाच तशी होती. बॅले शिकवण्याचे ते तिसऱ्या मजल्यावरचे दालन लांबोडके आणि अरुंद. एका भिंतीला जमिनीपासून छतापर्यंत आरसा, समोरच्या भिंतीला खिडक्या, आणि खिडक्यांखालून कमरेच्या उंचीने गेलेली लाकडी दांडी, जिला धरून मुली तासाच्या आरंभी गुडघे वाकवीत, टाचा उचलीत, पाय ताणीत. पियानोला उरला तो दाराजवळचा कोपरा. पियानोची पाठ भिंतीला लागली, तेव्हा वाजवणारीचे तोंड भिंतीकडे झाले.

मुलीला वर्गात घालायला आलेले पालक हळहळत. "अहो आजी, एवढं सुंदर चाललेलं असतं आणि तुम्हाला काहीच दिसत नाही."

"दिसत नाही म्हणून तर ऐकू येतं," आजी म्हणत. "देवाच्या बाबतीत तरी आपलं दुसरं काय होतं?"

पाठीमागचे ते जग आजींना पावलांवरून ठाऊक होते. चष्मेवाली आधी श्वास टाके, मग पाऊल. दोघी बहिणींपैकी थोरलीची टाच उशिरा टेके. लांबुडी मुलगी उतरली, की खिडकीची एक सैल काच किणकिणे. आणि सर्वांच्या शेवटी पडे ते दणीचे पाऊल. दणी म्हणजे आजींची सख्खी नात, लेकीची लेक. चालू लागली तेव्हापासून घरभर दणदण पाय आपटी, म्हणून आजोबांनी ठेवलेले हे नाव. आजोबा गेले, नाव राहिले. आता ती चौदा वर्षांची होती, तरी ती उतरली की पियानोवरच्या पेन्सिली थरथरत.

शिकवणाऱ्या बाई कधीकाळी मोठ्या रंगमंचावर नाचलेल्या. आता खुबा निकामी, हातात काठी. ज्या मुलीची चूक दिसे, तिच्या खांद्याला काठीचे टोक टेकायचे, आणि तिने "आभारी आहे, बाई" म्हणायचे, अशी तिथली रीत होती. जिच्याकडे काठी दिवसभर फिरकली नाही, ती घरी जाऊन रडे. कारण चूक दाखवणे ही कृपा होती, आणि कृपेवाचून कोण राहील? बाईंचे एक वचन मुलींना पाठ होते: पाऊल कानाला लागलं, की नाच डोळ्यांतून उतरला.

तास संपत आला, की मुली एका कोपऱ्यात रांग लावीत आणि एकेक जण तिरकी धावत समोरच्या कोपऱ्याकडे जाई. आठ मात्रांचे आवर्तन. सहा मात्रा धाव, सातवीला उडी, आठवीला जमीन. आठव्या मात्रेवर आजींच्या डाव्या हाताचा खर्ज आणि मुलीचे पाऊल एकदम पडे. अकरा मुली, अकरा आवर्तने, अकरा पावले. जपमाळेच्या मण्यांसारखी ती आजींच्या मनात आपोआप सरत.

त्या मंगळवारी दहाच सरली.

अकराव्या आवर्तनाची आठवी मात्रा वाजली, आणि तिच्याखाली काहीच नव्हते. आहे असे धरून पाऊल टाकावे आणि पायरी नसावी, तसे आजींना झाले. पोर घसरली की काय, या धास्तीने त्यांनी वीस वर्षांत केले नव्हते ते केले. त्यांनी मान वळवली.

दणी समोरच्या कोपऱ्यात उभी होती. हात खाली, हनुवटी वर, कपाळावर घाम. उतरलेली मुलगी उभी राहते तशीच. बाकीच्या दहाजणी मात्र तिच्याकडे पाहत नव्हत्या. दहाही जणी खाली, आपापल्या बुटांच्या फितींकडे पाहत होत्या.

"पुरे आजचं," बाई म्हणाल्या. दणीच्या खांद्याला त्यांनी काठी लावली नाही.

२

या गोष्टीत आजींचाही हात होता, हे लपवून चालायचे नाही.

सहा आठवड्यांपूर्वी बाई सर्वांदेखत दणीला म्हणाल्या होत्या, "तू उतरत नाहीस गं. तुला कोणीतरी वरून टाकून देतं." वर्षाअखेर मोठ्या नृत्यशाळेचे तीन परीक्षक येणार होते आणि अकराजणींतून एकीला नेणार होते. दणीला सातव्या वर्षापासून दुसरे काही नकोच होते. त्या संध्याकाळी ती रडली नाही. कोमट पाण्याच्या बादलीत पाय सोडून बसली. अंगठ्यांची नखे काळीनिळी पडली होती.

"आजी, एक विचारू? रागावणार नाहीस ना?"

"विचारल्यावर कशाला रागवू? ऐकल्यावर रागवीन."

"माझी पाळी येईल तेव्हा सातवी मात्रा जराशी लांबवशील?"

"म्हणजे गं काय?"

"मी वर असते ना, तेव्हा थोडा वेळ कमी पडतो. पाय जुळवायला. एवढासाच." तिने चिमटीत केसाएवढे अंतर दाखवले. "कोणाला कळणार पण नाही."

"अगं, ताल काय माझ्या मालकीचा आहे?"

"मग कोणाच्या?"

आजींना उत्तर ठाऊक होते. सूर्य कोणा एकीच्या अंगणात क्षणभर अधिक थांबत नाही, आणि वाजवणारीनेही थांबू नये, हा या धंद्याचा पहिला धर्म. पण नामस्मरणात मुरलेले मनही नातवंडाच्या काळ्या नखांपुढे लंगडे पडते. दुसऱ्या दिवशी, शेवटच्या आवर्तनात, त्यांचे बोट पट्टीवर उतरण्याआधी केसभर थबकले. पेन्सिली कमी थरथरल्या. जाताना दणीने मागून येऊन त्यांच्या गळ्यात हात टाकले.

पुढच्या आठवड्यात दोन केस. मग कितीतरी.

आरंभी आजी थांबत आणि तेवढ्यात दणी सावकाश उतरे. पुढे पुढे असे वाटू लागले, की आजी थांबल्या आहेत तोवर दणी उतरत नाही. या दोन वाक्यांत काही फरक आहे की ते एकच आहे, हे आजींना नीट ठरवता येईना.

३

मंगळवारनंतर आजींनी घरात कान लावायला सुरुवात केली.

घर दुसऱ्या मजल्यावर, जिना लाकडी. त्याची चौथी पायरी सर्वांच्या पायाखाली करकरे. ती दणीसाठी करकरेनाशी झाली होती. ताटात चमचा वाजत नव्हता, कपाटाचे दार लागताना कळत नव्हते. आजी पुस्तकातून डोळे वर करीत आणि दणी समोर बसलेली असे. कधी आली, कोठून आली, विचारले तर म्हणे, "मघाशीच."

लेक प्रयोगशाळेत दिवसभर रक्त तपासून दमून येई. तिला आजींनी सांगून पाहिले.

"आई, कमाल आहे तुझी. चौदा वर्षं मी घसा फोडला, हळू चाल, खालचे लोक भांडायला येतील. आता कुठे वळण लागलं, तर तुला तेही नको."

"मला तिचं येणं ऐकू येत नाही गं."

"मग कान दाखव डॉक्टरला. तिला कशाला दाखवतेस?"

बोलणे रास्त होते. सत्तरी उलटलेल्या माणसाने जगावर आरोप करण्याआधी आपली इंद्रिये तपासून घ्यावीत. आजी गेल्या. काचेच्या बंद खोलीत बसवले, कानांना यंत्र लावले, हातात बटण दिले. आवाज आला की दाबायचे.

तपासणारी मुलगी कागद पाहून हसली. "आजी, तुमचे कान माझ्यापेक्षा तरुण आहेत. बारीकातला बारीक आवाज सोडला नाहीत. फक्त एक गंमत झाली."

"काय?"

"मधेमधे मी काहीच वाजवत नव्हते, तेव्हाही तुम्ही बटण दाबत होता. ठरावीक वेळाने, अगदी तालात. कशाची वाट बघत होता का?"

आजी जिना उतरताना विचार करीत राहिल्या. न झालेला आवाज ज्यांना ऐकू येतो, त्यांना झालेला ऐकू आला नाही, यावर विश्वास किती ठेवायचा? आणि ठेवायचा नाही, तर मग त्या दहाजणी फितींकडे का पाहत होत्या?

४

दालन झाडायला एक मावशी येत. आजींहून दहा वर्षांनी लहान, पण दोघी एकमेकींना अहो-जाहो करीत आणि एकाच डब्यातली सुपारी खात.

दालनाच्या कोपऱ्यात एक उथळ लाकडी पेटी होती, तीत राळेची पूड. पाय घसरू नये म्हणून मुली उडीआधी त्या पुडीत तळवे घासीत, आणि मग काळसर जमिनीवर त्यांचे पांढुरके ठसे उमटत. ते पुसणे हे मावशींचे काम.

"आजी, तुमच्या नातीला सांगा, पेटीत पाय घालत जा म्हणावं. आपटेल एखाद दिवशी."

"घालते की. राळ चुरचुरलेली ऐकते ना मी."

हे बोलताना आजींच्या मनात आले, की कोणाची राळ चुरचुरलेली ऐकते मी?

"मग तिचे ठसे कुठे जातात? हे बघा." मावशींनी झाडूच्या दांड्याने दाखवले. "हे दहा जणींचे. चष्मेवालीचे हे फेंगडे. आणि हे तुमच्या दणीचे. आले, आले, आले, इथं शेवटचा."

तो ठसा उडी घेतली तिथला होता. पुढचा भाग खोल, चवडा रुतल्यासारखा. त्याच्या पलीकडे, दणी ज्या कोपऱ्यात उभी राहते त्या भिंतीपर्यंत, जमीन स्वच्छ होती. बाकीच्या दहा जणींचे ठसे दोहों बाजूंनी गेले होते. मधली वाट कोणी तुडवली नव्हती.

आजींनी बुद्धीला कामाला लावले. राळ तळव्यावरून उडताना झडली असेल. मागाहून जाणाऱ्या कोणाच्या पायाने पुसले गेले असेल. पण दणी शेवटची होती, तिच्या मागे कोणी नव्हते.

"तुम्हाला चमत्कारिक नाही वाटत?" त्यांनी विचारले.

"मला काय," मावशी म्हणाल्या, "तेवढंच पुसायला कमी." आणि मग, झाडू तसाच धरून, जरा खालच्या आवाजात: "पण ती जायच्या आधी मी आत येत नाही हल्ली."

५

शुक्रवारी आजींनी ठरवले, की आज ताल ज्याचा त्याला परत करायचा.

सकाळी देवापुढे हात जोडताना त्या तसे म्हणाल्यासुद्धा. घेतलेले परत देतो त्याला चोर म्हणत नाहीत, अशी मनाची समजूतही घातली. अकरावे आवर्तन आले. मागे धाव घेतल्याची चाहूल लागली, ती चाहूल होती की हवा हलली होती, कोण जाणे. सातवी मात्रा वाजली. आजींचे बोट न थबकता आठवीवर उतरले.

आणि आवाज झाला.

भरलेली फळी भिंतीवरून निखळावी तसा. सैल काच वाजली, पेन्सिली गडगडत खाली पडल्या. आजींना आधी आनंद झाला, आणि त्या आनंदाची लाज नंतर कित्येक दिवस पुरली. त्यांनी वळून पाहिले, तेव्हा दणी घोटा धरून जमिनीवर बसली होती. मुली तिच्याभोवती जमल्या होत्या आणि सगळ्या एकदम बोलत होत्या, कितीतरी दिवसांनी बोलाव्यात तशा.

बाईंनी येऊन काठीचे टोक दणीच्या खांद्याला लावले. "टाकून दिलं बघ परत."

"आभारी आहे, बाई," दणी म्हणाली.

घोटा मोडला नव्हता, मुरगळला होता. जिन्यात ती आजींच्या खांद्यावर भार देऊन उतरत होती, आणि तो भार आजींना प्रसादासारखा वाटत होता.

"तू पाडलंस मला," दणी म्हणाली.

"मी ताल वाजवला बाळा. जसा आहे तसा."

"मी अजून वर होते. तू ओढलंस मला खाली."

दणी दोन पायऱ्या उतरली आणि थांबली. तिचा स्वर रागाचा नव्हता. समजावून सांगावे तसा होता.

"आजी, वर असतं ना, तेव्हा सगळं बरोबर असतं. पाय, हात, मान. जिथल्या तिथं. बाई जे रोज सांगतात ते सगळं एकदम होतं. खाली आलं की बिघडतं. दर वेळी. मग मी कशाला खाली यायचं?"

"बिघडू दे की गं. बिघडलेल्यांसाठीच तर जमीन केली आहे."

"हे परीक्षकांना सांग."

६

आजींनी बाईंना गाठले ते त्यांच्या छोट्या खोलीत. खुर्चीवर, खिडकीत, दोरीवर, जिकडेतिकडे वाळत घातलेले बूट. बाई चहा घेत होत्या.

"दणीला काही दिवस सुट्टी द्या," आजी म्हणाल्या.

"परीक्षा चार दिवसांवर आली. घोटा तर बरा आहे ना?"

"घोट्याचं नाही म्हणत मी. तुम्हाला तिच्यात काही वेगळं दिसतं का?"

बाईंनी कप खाली ठेवला नाही. "चाळीस वर्षं मी ज्याची वाट बघितली, ते दिसतं."

"काय?"

"दुरुस्त करायला काही नाही."

हे सांगताना माणसाचा चेहरा उजळायला हवा होता. बाईंचा उजळला नाही. भिंतीवरच्या एका खिळ्याकडे त्या पाहत होत्या.

"बाई, मग तुम्ही तिचं नाव घ्या, कौतुक करा. पोर वाळत चालली आहे. तुम्ही तर तिच्याशी बोलतही नाही."

"आजी, एक विनंती करू? तुम्ही परवा मान वळवलीत. त्याआधी मंगळवारीही. परीक्षेच्या दिवशी वळवू नका."

"का?"

"ताल चुकतो."

"माझा? वीस वर्षांत कधी चुकला?"

बाईंनी दाराकडे कान दिला. बाहेर कोणीतरी दांडीपाशी एकटीच सराव करीत होती. लाकूड कुरकुरत होते, म्हणजे दणी नव्हती.

"एक सांगाल?" बाईंनी शेवटी विचारले. "खरं खरं. ती उतरते, ते तुम्हाला ऐकू येतं का?"

"नाही."

"चांगलं आहे," बाई म्हणाल्या. "तसंच हवं." आणि त्यांनी कप बशीत ठेवला.

७

परीक्षेच्या सकाळी मावशींनी सगळे दालन चकाकवले होते. आरसा पुसला, दांडीला तेल लावले, आणि कधी नव्हे ते पियानोलाही हात फिरवला. पट्ट्यांमागची काळी फळी इतकी लखलखत होती, की आजींना तिच्यात आपली बोटे दिसली. बोटांमागे आपला पदर दिसला. आणि पदरामागे, लहान नि वाकडे, सबंध दालन.

वीस वर्षांत प्रथमच त्यांना पाठीमागचे दिसत होते. त्यांना ते नको होते.

मुली कपडे बदलत होत्या, तेव्हा दणी येऊन वाकली. तिचा श्वास कानाशी लागला म्हणून कळले.

"आज थांबशील ना?"

आजींनी रात्रभर याच प्रश्नाशी झुंज घेतली होती. न थांबावे तर पोर सर्वांदेखत कोसळेल, आणि सात वर्षांचे तप आपल्या हातून मोडेल. थांबावे तर काय होईल, ते त्यांना सांगता येत नव्हते. सांगता येत नाही त्याची भीती खरी मानावी का, तेही कळत नव्हते.

"थांबेन," त्या म्हणाल्या. "पण वाजवलं की खाली येशील?"

"येते की नेहमी."

"दणी, माझ्याकडे बघून सांग."

पण ती गेली होती. कधी गेली ते ऐकू आले नाही.

तिघे परीक्षक आरशाला पाठ करून बसले. दांडीचे झाले, मधल्या जागेतले झाले, आणि उड्या आल्या. चष्मेवाली उतरली. बहिणी उतरल्या. लांबुडी उतरली, काच किणकिणली. आजी मणी सरकवीत होत्या. आठ, नऊ, दहा.

अकरावे. एक, दोन. त्यांनी पट्ट्यांकडे नजर बांधून ठेवली. तीन, चार, पाच, सहा. सातवी वाजवून डावा हात उचलला आणि हवेत धरला. एक केस. दोन केस. मग, पाचही बोटे एकवटून, त्यांनी आठवी मात्रा दिली. असा खर्ज त्यांनी उभ्या आयुष्यात वाजवला नव्हता.

त्याच्याखाली काहीच नव्हते.

स्वर विरत गेला. परीक्षकांच्या पेन्सिलींची खरखर थांबलेली होती. आजींनी आठवी पुन्हा वाजवली. पुन्हा. ये गं, ये माझ्या बाई, दणदणत ये, त्या ओठांत पुटपुटत होत्या, आणि आपण देवाचे नाव घेत आहोत की नातीचे, ते त्यांना उमजत नव्हते. त्यांची नजर पट्ट्यांवरून निसटली आणि फळीवर गेली.

फळीत दहा मुली दांडीपाशी उभ्या होत्या. आज त्या फितींकडे पाहत नव्हत्या, आणि समोरच्या कोपऱ्याकडेही नाही. दहाही जणींच्या माना मागे टाकलेल्या होत्या, गळे दिसत होते. तिघा परीक्षकांचेही तसेच. एकाच्या मांडीवरून कागद घसरला होता आणि तो कोणी उचलत नव्हते. बाई तेवढ्या दोन्ही हात काठीवर ठेवून, डोळे मिटून, खाली मान घालून उभ्या होत्या.

फळीच्या वरच्या भागावर स्वरलिपीचा कागद होता. तो बोटभर सरकवला असता, तर फळीत वरचेही दिसले असते. आजींचा उजवा हात उठला. कागदाच्या कोपऱ्याला लागला. कागदाच्या कडेशी, फळीच्या काळ्या चकाकीत, त्यांना एका बुटाचा तळवा दिसला, राळेने पांढरा झालेला, अगदी स्थिर. त्यांनी हात मागे घेतला.

"वाजवत राहा," मागून कोणीतरी म्हणाले. कोणाचा आवाज होता, ते ओळखू आले नाही.

त्या वाजवीत राहिल्या. आठ. आठ. आठ. किती वेळ, ते कोणालाच नंतर सांगता आले नाही. मग टाळ्या पडल्या. आजी वळल्या, तेव्हा दणी समोरच्या कोपऱ्यात उभी होती. हात खाली, हनुवटी वर. परीक्षकांतला सर्वांत वृद्ध माणूस रुमालाने डोळे टिपत होता, आणि इतर दोघे आपापले सामान अशा घाईने आवरत होते, जसे लोक पाऊस येण्याआधी आवरतात.

निवड अर्थातच दणीची झाली.

८

घराकडे येताना आजींनी तिचा हात धरला होता. चौदा वर्षांच्या मुलीला भर रस्त्यात हात धरलेला आवडत नाही, पण दणीने सोडवला नाही. ती हसत होती, बोलत होती, नव्या शाळेत किती तास सराव असतो ते सांगत होती. सारे जसे असावे तसे होते. एवढेच, की तिचा हात हातात आहे असे वाटत नव्हते. वाऱ्याने भरलेल्या ओढणीचे टोक धरावे, तसे वाटत होते. आणि दर काही पावलांनी ते टोक हलकेच ओढ घेई. पुढे नव्हे, मागे नव्हे.

आजींनी मोजले. दर सातव्या पावलाला.

त्या नीट समोर पाहत चालल्या. आपली पावले त्यांना ऐकू येत होती, म्हाताऱ्या चपलांची फटफट, एकाच माणसाची. त्या जोराने पाय टाकू लागल्या. येणारेजाणारे वळून पाहत होते. ते आपल्याकडे पाहतात की आपल्या डोक्यावरून, ते आजींनी तपासले नाही.

जिना आला. एक, दोन, तीन. चौथी पायरी करकरली. एकदाच.

वर दार उघडल्याचा आवाज झाला. लेक सुट्टी काढून वाट पाहत होती; जिन्याच्या वळणाआडून तिला फक्त पावले ऐकू येत होती. "आई? एकटीच आलीस? दणी कुठे आहे?"

आजी चौथ्या पायरीवर उभ्या राहिल्या. पायरीवर त्यांच्या दोन चपला होत्या. त्यांच्या शेजारची जागा मोकळी होती. मुठीत मात्र बोटे होती, गार आणि हलकी, आणि आता ती सातव्या पावलाचीही वाट पाहत नव्हती, ओढ सारखीच लागून राहिली होती. आजींचा हात खांद्यापर्यंत उचलला गेला. मग त्याहून वर.

"दणी, आईला ओ दे," त्या म्हणाल्या.

कोणी ओ दिली नाही.

त्यांनी वर पाहिले नाही. मूठ आवळली, दुसऱ्या हाताने कठडा धरला, आणि पाय उचलून पायरीवर आपटला. मग दुसरा. दोघींच्या वाटणीचे, दणदण, पुढची पायरी, त्याच्या पुढची. गुडघ्यांतून कळा येत होत्या.

वर लेक हसली. "आली वाटतं. किती दिवसांनी गं वाजले हे पाय."